हप्ता तोच ठेवा

माझ्या बाबांनी आयुष्यभर दोनच गोष्टींची फुशारकी मारली. एक, त्यांनी बसवलेली फरशी कधी पोकळ वाजत नाही. आणि दोन, त्यांच्या घराचा हप्ता कधी वाढला नाही.

पहिली गोष्ट शंभर टक्के खरी. बाबा फरशीवाले आहेत. कोणाच्याही घरी गेले की आधी टाचेनं जमीन ठोकून बघतात आणि मग घरातल्या माणसांकडे बघतात. आमच्या घराची फरशी त्यांनीच बसवली, तीही दुसऱ्यांच्या कामावर उरलेल्या मालातून. त्यामुळे आमच्या बाहेरच्या खोलीत तीन रंग आहेत आणि स्वयंपाकघरात एका दातांच्या दवाखान्याची निळी नक्षी आहे. पण सांधे असे, की डोळे मिटून हात फिरवला तर एक फरशी कुठे संपली आणि दुसरी कुठे सुरू झाली ते कळू नये.

दुसरी गोष्टही खरीच होती. आमचं वाटोळं तिनं केलं.

मी सात वर्षांची असताना आम्ही या इमारतीत तिसऱ्या मजल्यावर राहायला आलो. दोन खोल्या, स्वयंपाकघर आणि एक गॅलरी, जिच्यात एक माणूस उभा राहिला की दुसऱ्यानं आत थांबायचं. वीस लाखांचं कर्ज, वीस वर्षांची मुदत, महिन्याला पावणेसतरा हजारांचा हप्ता. व्याजाचा दर बदलता. बदलता म्हणजे काय, असं बाबांनी विचारलं तेव्हा बँकेतला माणूस म्हणाला होता, "कमीसुद्धा होऊ शकतो, साहेब." बाबांनी तेवढंच ऐकलं आणि सही केली.

तिसऱ्या वर्षी दर चढले. इमारतीतल्या निम्म्या लोकांची कर्जं त्याच बँकेची, त्यामुळे जिन्यात जो भेटेल त्याचा कपाळाला हात. बाबांना बँकेचा फोन आला तेव्हा ते आमच्याच न्हाणीघरात गुडघ्यांवर बसून फरशी लावत होते, दोन्ही हात कोपरापर्यंत सिमेंटनं भरलेले. आईनं फोन त्यांच्या कानाला लावून धरला. मी दारात उभी होते. फोनवरची बाई काय म्हणाली ते बाबा पुढे वर्षानुवर्षं लोकांना नकलेसकट सांगत. "सर, दर वाढलेत. हप्ता वाढवायचा, की तोच ठेवायचा?"

"तोच ठेवा!" बाबा असे ओरडले की न्हाणीघर घुमलं.

आणि बँकेनं खरंच तोच ठेवला.

खालच्या मजल्यावरच्या टॅक्सीवाल्या काकांचं कर्ज आमच्याएवढंच, आमच्याबरोबरच घेतलेलं. त्यांनी त्याच आठवड्यात सव्वादोन हजारांनी हप्ता वाढवून घेतला आणि सुट्टीच्या दिवशीही टॅक्सी बाहेर काढायला लागले. बाबांना त्यांची कीव यायची. "भोळा आहे बिचारा," ते जिन्यात उभे राहून सांगत. "बँकेनं विचारलं, वाढवू का? तर हा म्हणाला, वाढवा! अरे, न भांडता कोणी जास्त देतं का? आपण ठणकावून सांगितलं. व्यवहार चोख असला की बँकसुद्धा मान ठेवते." काका नुसते हसायचे आणि टॅक्सीची काच पुसायचे.

पुढेही दर हलले, फोन आले, पत्रं आली. पत्र आलं की बाबा त्यात हप्त्याचा आकडा शोधायचे. तो तोच असला की पत्राची घडी करून डगमगणाऱ्या टेबलाच्या पायाखाली सरकवायचे. आमचं टेबल फार स्थिर होतं.

हप्त्यातला निम्मा पैसा आईचा. आई एका मोठ्या हॉस्पिटलच्या लाँड्रीत, कंत्राटदाराकडे. तिथे मधोमध भिंत आहे आणि भिंतीतच मोठी धुलाईची यंत्रं बसवलेली आहेत. एका बाजूनं मळलेलं आत जातं, दुसऱ्या बाजूनं धुतलेलं बाहेर येतं, आणि दोन बाजूंच्या बायका जेवायलासुद्धा एकत्र बसत नाहीत. आई स्वच्छ बाजूला होती. गरम रोलरमधून चादर बाहेर आली की दोघींनी दोन टोकं धरायची, ताणायची, झटकायची, जवळ येऊन टोकं जुळवायची, पुन्हा लांब जायचं. दिवसभर हेच. तिची जोडीदारीण म्हणायची, "नवऱ्याबरोबर इतकी पावलं जुळली असती ना, तर संसार सोन्याचा झाला असता."

झटकून झटकून आईचा उजवा खांदा गेला. हॉस्पिटलच्याच डॉक्टरांनी बघितला आणि सांगितलं, हे काम थांबवा, नाहीतर हात डोक्यापर्यंत पोचायचा नाही. आई म्हणाली, "थांबवते की. कर्ज फिटलं की थांबवते." डॉक्टरांनी विचारलं, कधी फिटतंय? आई म्हणाली, "आता काय, चार वर्षं." जणू चार वर्षं म्हणजे समोरचा रस्ता ओलांडून जायचं होतं.

त्या चार वर्षांत आमच्या घरात प्रत्येक गोष्टीला एकच उत्तर होतं. आईला फिजिओथेरपी? कर्ज फिटलं की. गळणारा नळ? कर्ज फिटलं की. मी चष्म्याच्या दुकानात काचा घासण्याचं काम धरलं, तेव्हा पहिल्या पगारातून आईला म्हटलं, चल, कुठेतरी चार दिवस जाऊन येऊ. तेही कर्ज फिटल्यावरच. मी एकदा वैतागून विचारलं, "कर्ज फिटल्यावर तू नक्की करणार काय आहेस ते तरी सांग."

"काही नाही," आई म्हणाली.

"म्हणजे?"

"काही नाही म्हणजे काही नाही. सकाळी जाग येईल. मग मी उठणार नाही." आणि ती अशी खुदकन हसली, की जगात याच्याहून मोठी चैन नाही.

शेवटचा हप्ता खात्यातून गेला त्याच आठवड्यात तिनं नोकरी सोडली. कंत्राटाची नोकरी, त्यामुळे हातात फक्त त्या महिन्याचा पगार पडला. जोडीदारीण रडली. मुकादमबाईंनी निरोपाला म्हणून भेट दिली ती चादर! वीस वर्षं जिनं चादरींच्या घड्या घातल्या तिला चादर. आईनं ती घरी आणून सवयीनं झटकायला घेतली आणि कळवळून खाली बसली. आम्ही तिघंही हसलो. तेव्हा हसू येत होतं.

बाबांनी जिन्यात जाहीर केलं, "घर मोकळं झालं!" टॅक्सीवाल्या काकांनी त्यांना मिठी मारली. काकांचं कर्जही त्याच महिन्यात फिटलं होतं, पण त्यांनी कोणाला सांगितलं नव्हतं.

मग आम्ही घराचे मूळ कागद आणायला बँकेत गेलो. बाबांनी इस्त्रीचा शर्ट घातला होता आणि कागद ठेवायला नवी कापडी पिशवी घेतली होती. मी दुकानातून अर्धा दिवस रजा काढली. खरं तर माझी काही गरज नव्हती, पण असा दिवस बघायला मिळावा असं मला वाटलं.

कर्जाच्या टेबलावर साधारण माझ्याच वयाची एक मुलगी बसली होती. बाबा खुर्चीवर टेकायच्या आधीच म्हणाले, "कागद न्यायला आलोय. घराचे."

तिनं नंबर घातला, पडद्याकडे बघितलं. मग बाबांना सोडून माझ्याकडे बघितलं.

"सर, तुमचं कर्ज चालू आहे."

"होतं. संपलं. या महिन्यात वीस वर्षं झाली."

"वीस वर्षं झाली, सर, बरोबर. पण अजून सव्वानऊ वर्षं बाकी आहेत."

बाबा हसले. मनापासून हसले. "अहो, तुम्ही दुसऱ्या कोणाचं तरी उघडलंय."

तिनं पडदा आमच्याकडे वळवला. नाव बाबांचं, पत्ता आमचा. खाली बाकी रक्कम, बारा लाख वीस हजार. बाबा खिशात चष्मा शोधत राहिले आणि चष्मा त्यांच्या डोळ्यांवरच होता.

आई पुढे सरकली. "घेतले वीस लाख. बरोबर?"

"हो, मॅडम."

"भरले किती?"

"चाळीस लाखांच्या थोडं वर."

"आणि त्यातून फिटले आठ?"

"पावणेआठ, मॅडम. बाकी व्याज."

नाकापेक्षा मोती जड म्हणतात. आमच्या मोत्यानं तर नाकच तोडून नेलं होतं.

ती मुलगी वाईट नव्हती, हे मला सांगावंच लागेल, जरी तेव्हा तिचा गळा धरावासा वाटला. तिनं शांतपणे समजावलं. दर वाढल्यावर पावणेसतरा हजारांतले साडेपंधरा व्याजातच जायला लागले. मुद्दल जागचं हलेना. हप्ता वाढवला नाही की मुदत आपोआप वाढते. "सरांनी दर वेळी तोच ठेवायला सांगितलंय. इथे नोंद आहे."

"मुदत वाढेल हे फोनवर सांगितलं होतं कोणी?" मी विचारलं.

"पत्रात असतं, मॅडम."

असणार. मी दिवसभर लोकांना बारीक अक्षर दिसावं म्हणून काचा घासते आणि आमच्या घरी बारीक अक्षर टेबलाच्या पायाखाली.

"तेव्हा किती वाढवायला हवा होता?" बाबांनी विचारलं. आवाज त्यांचा वाटत नव्हता.

तिनं आकडे घातले. "साधारण सव्वादोन हजारांनी, सर. मग या महिन्यात संपलं असतं."

बाबा टेबलाच्या कडेवरून अंगठा फिरवत बसले. मग कोणाकडेच न बघता म्हणाले, "खोली काटकोनात नसली की आम्ही काय करतो, ठाऊक आहे? दारातून दिसणाऱ्या फरश्या सरळ लावतो आणि सगळी तूट ढकलत ढकलत कपाटाखाली नेतो. गिऱ्हाईक खूश. तसंच केलंत तुम्ही."

मुलीनं मान हलवली. तिला काय कळलं कोण जाणे. "सर, आणखी एक अडचण आहे. तुम्हाला साठ पूर्ण झाली. आमच्या नियमानं कर्ज तुमच्या पासष्टीपर्यंत संपायला हवं. आम्ही कळवणारच होतो. दोन पर्याय आहेत. हप्ता सव्वीस हजार केला तर पाच वर्षांत फिटेल. नाहीतर मुलीचं नाव कर्जात घालायचं. मग मुदत सव्वानऊ वर्षंच राहील आणि हप्ता—"

"हप्ता तोच..." बाबांच्या तोंडून निघून गेलं. सतरा वर्षांची जीभ ती. मग त्यांनी तोंड मिटलं आणि खाली बघितलं.

आईनं विचारलं, "या कर्जावर विमा काढला होता ना? माणूस गेला तर बाकी माफ, असं म्हणाले होते. सुरुवातीलाच पैसे कापले होते त्याचे."

"होता, मॅडम. पण तो मूळ मुदतीचा, वीस वर्षांचा. गेल्या महिन्यात संपला."

"म्हणजे कर्ज लांबलं आणि विमा नाही लांबला?"

"हो."

आई माझ्याकडे वळली. "घ्या. मरायचीसुद्धा सोय राहिली नाही." आणि हसायला लागली. ते हसू थांबेचना. शेजारच्या टेबलावरची माणसं वळून बघायला लागली, तेव्हा मी तिला दंडाला धरून उठवलं. चुकून उजव्या दंडाला धरलं.

इमारतीत शिरलो तर टॅक्सीवाले काका खालीच. "आणले का कागद?"

बाबांनी रिकामी पिशवी छातीशी धरली. "आणले."

"तुमची खरंच कमाल आहे," काका म्हणाले. "तुमचा हप्ता एक पैसा वाढला नाही आणि माझ्याबरोबरच सुटलात. मीच मूर्ख. इतकी वर्षं सव्वादोन हजार फुकट भरत बसलो. पोरांबरोबर एक सुट्टीचा दिवस काढला नाही."

आता इथे बाबांनी तोंड उघडायला हवं होतं. एक वाक्य पुरलं असतं. पण ते म्हणाले, "चालायचंच," आणि जिना चढायला लागले. तेव्हा मला बाबांचा पहिल्यांदा खरोखर राग आला. कर्जापेक्षा जास्त त्या एका शब्दाचा राग आला.

घरी आल्यावर बाबा जमिनीवरच बसले, तीन रंगांच्या फरशीवर. "विकून टाकू," ते म्हणाले.

मला वाटलं, चला, एकदा तरी शहाणपण सुचलं. मी घाईघाईनं हिशेब मांडला. या भागात असं घर चाळीस लाखांच्या आसपास जातं. बँकेचे बारा देऊन पंचवीस-सत्तावीस उरतील. लहानशी जागा भाड्यानं घेऊ, माझा पगार आहे, बाबांना झेपेल तेवढं काम आहे. "आई, तुला उद्यापासून काही करायचं नाही. घरी राहायचं."

"कोणाच्या घरी?" आईनं विचारलं.

"भाड्याच्या," मी म्हटलं.

"भाड्यानं राहायचं म्हणजे वीस वर्षांपूर्वी होतो तिथेच ना?" आई बोलायला लागली. ती ओरडली नाही, आणि तेच ऐकवत नव्हतं. "तेव्हा निदान दोन्ही हात धड होते माझे. चाळीस लाख देऊन बसलो आपण. त्यातले निम्मे माझे. खांदा दिला तो वेगळाच. आणि आता म्हणता, घरही देऊन टाक? मग मी इतकी वर्षं काय केलं, दुसऱ्यांच्या चादरी झटकल्या?"

"हो, झटकल्या!" मी म्हटलं. "गेलं ते गेलं, आई. गेलेल्यामागे राहिलेलं घालवायचं का?"

"तुला बोलायला सोपं आहे."

"मग मी सही करते. माझं नाव घाला. सव्वानऊ वर्षं तर सव्वानऊ."

आईनं माझ्याकडे असं बघितलं, की मी सात वर्षांची झाले. "तुझं नाव त्या कागदावर दिसलं, तर बँकेत येऊन सगळ्यांदेखत फाडीन. तुझा संसार अजून उभा राहायचाय आणि तू आमची धोंड गळ्यात बांधून घेणार?"

बाबा मध्येच म्हणाले, "मी दोन कामं जास्त घेतो."

"तुम्ही?" आई म्हणाली. "तुम्ही खाली बसलात की उठवायला दोन माणसं लागतात." आणि तिनं त्यांच्यापुढे डावा हात केला. मी दुसऱ्या बाजूनं धरलं. बाबा उठले.

वाद तिथेच संपला. आईनं जे ठरवायचं ते ठरवलं होतं. सव्वीस हजार, पाच वर्षं, माझं नाव नाही. वरचे सव्वानऊ हजार आणि आधीचा तिचा वाटा, दोन्ही मिळून तिचा पूर्ण पगार लागणार होता. घर पाहावं बांधून म्हणतात ते उगीच नाही, पण सोडून बघणं त्याहून अवघड असतं हे कोणी सांगत नाही.

ती लाँड्रीत परत गेली तेव्हा रोलरवर तिच्या जागी मुकादमबाईंची भाची उभी होती. जोडीदारिणीनं मान खाली घातली. मुकादमबाई म्हणाल्या, "स्वच्छ बाजूला जागा नाही, ताई. मळक्या बाजूला आहे. तिकडे कोणी टिकत नाही, म्हणून पगार थोडा जास्त आहे." आईनं विचारलं, आजपासून येऊ का?

मळक्या बाजूला वॉर्डांतून बंद पिशव्या येतात. त्या उघडायच्या, चादरी, गाऊन, टॉवेल वेगळे करायचे, मग यंत्रात लोटायचे. चादरीत काय निघेल ते सांगता येत नाही. रक्त तर असतंच. कधी सुई, कधी पट्ट्या, एकदा कोणाची तरी कवळी. दोन हातमोजे एकावर एक, तोंडाला मास्क, डोक्याला टोपी. आई घरी आली की न्हाणीघरात इतका वेळ पाणी ओतायची की मी बाहेरून दार वाजवायची. ती म्हणायची, "आले गं, वास जात नाहीये." मला कधीच वास आला नाही. तिला यायचा.

पाचव्या महिन्यात एक सुई दोन्ही मोज्यांतून आत गेली. तपासण्या झाल्या, औषधं झाली, आम्ही जीव मुठीत धरून निकालाची वाट पाहिली. निकाल चांगला आला. दुसऱ्या दिवशी ती पुन्हा कामावर.

बाबा आता जिन्यात थांबत नाहीत. खाली काका नाहीत हे बघून मग उतरतात. घरात मात्र मधूनच, कोणी काही विचारलेलं नसताना म्हणतात, "सव्वादोन हजार." जेवताना म्हणतात, दाढी करताना म्हणतात. सुरुवातीला मी म्हणायची, "बाबा, पुरे." आता म्हणत नाही. माणूस आपल्या दुखऱ्या दातावर जीभ फिरवतो, त्याला कोण काय करणार!

आईचा हात डोक्यापर्यंत जात नाही. डॉक्टर बोलले तसंच झालं. त्यामुळे सकाळी तिचे केस मी विंचरते. ती खुर्चीत बसते, मी मागे उभी राहते. पूर्वी ती माझे विंचरायची तेव्हा मी हलले की डोक्यात टपली मारायची. आई हलत नाही. बसल्या बसल्या तिचा डोळा लागतो.

परवा मी तिला जागं करायच्या ऐवजी तशीच उभी राहिले. घड्याळ पुढे चाललं होतं. म्हटलं, जाऊ दे, चुकू दे आज कामावर जायचं. पण ती स्वतःच दचकून उठली. "झालं का गं? उशीर होईल."

"आई, नको जाऊस."

"असं कसं? साडेचार वर्षं तर राहिली." पुन्हा तेच, समोरचा रस्ता ओलांडल्यासारखं. "मग हे घर तुझं. कोणाचा हप्ता नाही, कोणाचं भाडं नाही. कोणी तुला ऊठ म्हणणार नाही."

मी कंगवा खाली ठेवला. मनात कित्येक महिने होतं ते बोलले. "मला नकोय हे घर."

तिनं घड्याळाकडे बघितलं.

"खरंच नकोय, आई. माझ्यासाठी करत असशील तर थांबव. मी इथे राहणार नाही. तुम्ही दोघं गेल्यावर हे घर मी एक दिवस ठेवणार नाही, विकून टाकीन. मला या फरशीवर पाय ठेवला की तुझा खांदा दिसतो. मग कशाला? सांग ना, कोणासाठी?"

मला वाटलं होतं, ती रडेल. किंवा चिडेल. चिडली असती तर बरं झालं असतं, कारण चिडलेल्या माणसाशी भांडता येतं. तिनं डाव्या हातानं मागे चाचपून वेणी नीट बांधली गेली आहे का ते बघितलं, आणि उठली. डब्याची पिशवी डाव्या खांद्यावर घेतली. दारात थांबून म्हणाली, "हे मला माहीत होतं."

"काय?"

"तुला नकोय ते. तू बँकेतून आल्यापासून घरात पाहुण्यासारखी वावरतेस. मला काय दिसत नाही?" मग थोडं थांबून म्हणाली, "पण आता मला थांबता येत नाही, बाळ. थांबले तर हे सगळं उगीच होतं असं होईल. ते मला नाही सोसायचं. सुई सोसते."

ती जिना उतरायला लागली. मी दारात उभी राहिले. बाबाही मागून येऊन उभे राहिले, दाढीचा साबण गालावर तसाच. खालच्या मजल्यावर काकांचं दार उघडल्याचा आवाज आला.

"काय हो वहिनी, अजून नोकरी? घर मोकळं झालं ना तुमचं!"

"झालं की, भाऊजी. पण घरी बसून करमत नाही."

"नशीबवान आहात. आमच्या हिला सांगतो, बघ, काही गरज नसताना बाई हौसेनं कामाला जाते."

"सांगा," आई म्हणाली.